मांगरातली चित्रं

आये, तुझ्यावरचा माझा एक राग अजून फिटलेला नाही. तू गेलीस त्या वयाला मी कधीच मागे टाकलं, आता तुझीच आई शोभेन इतकी म्हातारी झाले, तरी राग आहे तो आहे. तोंडाने बोलायला गेले तर घरातले म्हणतील म्हातारी भिंतीशी भांडते, म्हणून लिहिते. तू मला तिसरीपर्यंत शाळेत घातलंस आणि मग बाटल्या धुवायला बसवलंस, त्या तिसरीवर जेवढं येतं तेवढं. कागदावर शाळेतलीच भाषा उतरते, त्याला माझा इलाज नाही. तुझं बोलणं मात्र तू बोललीस तसंच लिहीन. ते धुऊनपुसून लिहिलं तर त्यातला खार जाईल, आणि खाराशिवाय तुझ्यात दुसरं होतं काय?

राग कशाचा ते आधी सांगून टाकते. माझं लग्न ठरायचं होतं, गाव जमला होता, तुला देवासमोर उभं केलं होतं. कुठलीही आई पोरीसाठी पदर पसरेल. तू माझं नावसुद्धा काढलं नाहीस. तू देवाला विचारलंस ते बाटल्यांवरच्या कागदांचं. त्याही कसल्या बाटल्या, तर बिअरच्या.

तेव्हा मुंबई इलाख्यात दारूबंदी होती आणि गोव्यात अजून पोर्तुगीज बसले होते. बाबांना दर्याने नेल्यावर तुझ्या हातात उरलं काय, तर घरामागचे कोकमाचे रातांबे आणि दारातले माड. तू रातांब्यांच्या रसात मीठ मुरवून आगळ करायचीस, खोबरेल काढायचीस, आणि मुंबईला परत जाणारे चाकरमानी जाताना तुझ्याकडून बाटल्या भरून न्यायचे. बाटल्या मामा पाठवायचा. तो तिथे गोदीत होता, परदेशी बोटींवरच्या रिकाम्या बाटल्या भंगारवाल्याकडून घ्यायचा आणि गोणीत पेंढा घालून आगबोटीने धाडायचा. आगबोट मालवणला बाहेरच उभी राहायची, होडीतून माणसं आणि गोणी बंदरावर यायच्या. आपली गोण उतरली की हमाल मुद्दाम ओरडायचा, "गो बाय, तुझी दारू इली!" आणि तू तितक्याच मोठ्याने, "उचल मगे, तुझ्या बारशाक लागतली!" लोक हसायचे. मी लाजेने दगडाआड व्हायची. तू नाही कधी लाजलीस.

अजून दिसतं ते असं. विहिरीजवळ गुरांना पाणी पाजायची दगडी दोण आहे, तिच्यात राखेचं पाणी, आणि पाण्यात बाटल्या आडव्या निजल्या आहेत, हिरव्या आणि तपकिरी. रातभर भिजल्या की काहींचे कागद आपोआप सुटून वर येतात, सकाळी दोणीत रंगीत पानं तरंगत असावीत तसे. तू उकिडवी बसली आहेस. लुगड्याचा काष्टा घट्ट, कपाळ मोकळं, हात कोपरापर्यंत कोकमाने लाल. मेलेला मासा उचलावा तसा तू तो कागद दोन्ही तळव्यांवर उचलतेस आणि केळीच्या पानावर पालथा घालतेस. केळीच्या पानाला कागद चिकटत नाही, हे तुला कोणी सांगितलं होतं देव जाणे. वर दुसरं पान, त्यावर पाट, पाटावर वरवंटा. दुसऱ्या दिवशी पानं बदलायची, तिसऱ्या दिवशी परत. कागद सुकून सपाट झाला की पाठीला तांदळाचं पीठ चोळायचं, म्हणजे एकमेकांना चिकटत नाहीत. घरात पेजेला तांदूळ मोजून घेणारी बाई कागदाच्या पाठीला पीठ चोळत होती, आये. मी बघत होते.

धुतलेल्या बाटल्या कुंपणाच्या चिरेबंदी गडग्यावर ओळीने उभ्या करायच्या. दुपारी खारा वारा सुटला की सगळ्या घुमायच्या, लहान तोंडाची बारीक, मोठ्या पोटाची जाड. तो आवाज मी नंतर कुठे ऐकला नाही. आता प्लास्टिकच्या बाटल्या आल्या, त्या वाऱ्याने नुसत्या पडतात.

बाटलीच्या तळाला कधी घोटभर काही उरलेलं असायचं, ते तू केळीच्या मुळात ओतायचीस. शेजारची काकी गडग्यावरून डोकं काढायची, तिला तेवढंच काम. "गो, वारो नाय काय नाय, तरी तुझी केळ झुलता कशी ती?" तू मान वर न करता म्हणायचीस, "तुझ्या घोवाक हाड नि बांध हिच्या मुळात. दोगांव एका ताळार झुलतली." काकीचा नवरा खरंच प्यायचा. दारूबंदीने त्याचं काही अडलं नव्हतं. काकी दोन दिवस बोलायची नाही, तिसऱ्या दिवशी वाटीभर खोबरेल मागायला यायची, आणि तू द्यायचीस.

झाकणांचं तू वेगळं करायचीस. साध्या झाकणांच्या आतलं बूच नखाने काढून टाकायचं आणि झाकणं लाकडाच्या फळीला उलटी ठोकायची, मासे खवलायला. तसलं खवलं काढायचं फळकुट आपल्यासारखं कोणाकडे नव्हतं, बांगड्याला लागत नाही पण तांबोशी आणली की काकी मागायला हजर. चित्राच्या झाकणांना मात्र खिळा लागला नाही. ती कागदांबरोबर बाबांच्या पत्र्याच्या पेटीत जायची. बाबांचे कपडे तू वाटून टाकलेस, पेटी ठेवलीस.

तुला अक्षर येत नव्हतं, म्हणून तू चित्रांवर लावायचीस. जनावरं एकीकडे, त्यात हत्ती, बैल, शेपटी वर केलेला सिंह. बोटी एकीकडे. माणसं एकीकडे. ज्यांच्यावर नुसती इंग्रजी अक्षरं ती तू चुलीत घालायचीस. मी म्हटलं, "आये, तीय ठेव, कायतरी लिवलेला असतला." तर म्हणालीस, "लिवलेला वाचूक येणाऱ्यांनी ठेवचा. माका काय तेचा?" मग मलाच एक कागद दिलास वाचायला. माझी तिसरी मराठीतली. "इतकी शाळा शिकान शेवटाक डोळेच," एवढं बोलून कागद काढून घेतलास.

त्या माणसांच्या ढिगात एक पिवळ्या केसांची बाई होती. हातात धान्याची कणसं, मागे पाणी, पाण्यात लहानशी बोट. ती तुझ्या सगळ्यात आवडीची. एकदा भात उकडत ठेवून तू ती घेऊन बसलीस आणि आपणहून सांगायला लागलीस, जे तू कधी करत नव्हतीस. "हिचो घोव त्या बोटीर आसा. शेत पिकला ता दाखवूक ही किनाऱ्यार इली. पण बोट हय येता काय थंय जाता, ता चित्र काडणाऱ्यान काडूक नाय." मी विचारलं, "तुका काय वाटता? येता काय जाता?" तू पातेल्यावरचं झाकण सरकवलंस आणि म्हणालीस, "भात बघ, करपात."

कागद एकदाच फाटला माझ्या हातून. हत्तीचा होता, सोंडेजवळ. घाईने ओढला. तू मारलं नाहीस. माझा दंड धरलास, चिमटीत कातडी घेतलीस आणि हळूहळू वर ओढत विचारलंस, "अशी वढून काडली तर बरां वाटात तुका? पाणी आपला काम करता. तुका खंय आगबोट पकडूची आसा?" ती चिमटी मला अजून कळते. त्यानंतर पुढे मी कुठलीच चिकटलेली गोष्ट ओढून काढली नाही. पोरांच्या खरजेवरची पट्टीसुद्धा भिजवून काढली.

एकदा पोलीसही येऊन गेला होता. कोणी चुगली केली ते माहीत आहे, लिहीत नाही, त्यांची पतवंडं सुट्टीत माझ्या पतवंडांबरोबर क्रिकेट खेळतात. हवालदाराने एकेक बाटली उघडून हुंगली. हुंगून समाधान झालं नाही म्हणून एक तोंडाला लावली. निव्वळ आगळ, मीठ मुरलेलं. त्याचा एक डोळा मिटला तो उघडेचना. तू तांब्याभर पाणी दिलंस, तोंड अगदी गरीब करून. पाणी पिऊन तो म्हणाला, "बाई, यात दारू नाही हे समजलं. पण मग दारूच्या बाटल्यांचे हे कागद कशाला जपता?" तू त्याच्या टोपीकडे बोट केलंस. "तो पितळेचो बिल्लो तुमी घासून घासून चकचकीत कित्याक करतास? बरो दिसता म्हणान मां? तसाच ह्या." तो हसला, टोपी सारखी केली आणि गेला. सरकारचं समाधान झालं. गावाचं व्हायचं होतं.

तेवढ्यात मला वेंगुर्ल्याचं स्थळ आलं. वर्ष आठवत नाही, गोवा सुटून थोडाच काळ झाला होता एवढं खरं, कारण बघायला आलेली मंडळी त्याच गप्पा मारत होती. मुलाचे वडील बोटीवर भट्टीत कोळसा घालायची नोकरी करून परत आलेले, कातडी अजून भाजल्यासारखी. बरोबर त्यांची बहीण, मुलाची आत्या, जिच्या नाकाला प्रत्येक घरात काही ना काही वास यायचा. मी पोहे घेऊन बाहेर आले. आदल्या दिवशी नवीन गोण आली होती, तू कागद पानांवर घालून पडवीत ठेवले होतेस. पाव्हणे येणार म्हणून मी घर सारवलं, भांडी घासली, तुला सांगितलं, "आये, तां उचल थंयसून." तू म्हणालीस, "भिजलेला उचलला तर फाटतला. ते चेडू बघूक येतत, पडवी बघूक नाय."

आत्याने पडवीच बघितली. पाट सरकवला, पान उचललं, आणि कागद हातात न धरता नुसतं वाकून म्हणाली, "ह्या मी वळाखतंय. मुंबयत आमच्या शेजाऱ्याकडे असलीच बाटली असायची. बीर म्हणतत तेका. दादा, ऊठ. हय पाणीसुद्दा पिऊ नको, खंयच्या बाटलयेतला आसात कोण जाणा."

"बाटली दारयेची म्हणान आगळ काय झिंगता?" तू म्हणालीस.

"आणि कागद सुकत घातलास ते? तेंची काय भाजी करतलंस?"

"नाय. बघतंय."

"बघतंस? बायलमाणूस नि दारयेची चित्रां बघता?"

"तू माझ्या चेडवाक बघलंस, मी चित्रांक बघतंय. दोघींक आपापला काम आसा."

आये, मी तिथेच उभी होते, पोह्यांचं ताट हातात. एकदा तरी गप्प बसावंस. मुलाच्या वडलांनी बहिणीला हाताने थांबवलं आणि तुझ्याकडे वळून शांतपणे म्हणाले, "बाय, माझ्या मनात काय नाय. पण माका गावात ऱ्हवाचा आसा, नि माझ्या बहिणीबरोबरय ऱ्हवाचा आसा. तुमच्या देवाचो कौल घेवा. तुमी दारू इकूक नाय असा देवान सांगल्यान, तर पुढचा बोलूया. मी स्वता येतंय बघूक." पोहे त्यांनी खाल्ले. आत्याने नाही.

त्या आठवड्यात मी तुझ्याशी सरळ बोलले नाही. एकदाच बोलले. चुलीत फुंकर घालत होतीस, मी म्हटलं, "आये, जाळून टाक ती. देवाकडे जावच्या आधी जाळ. मगे इचारूक काय ऱ्हवतलाच नाय." तू फुंकर थांबवून माझ्याकडे बघितलंस. धुराने डोळ्यांत पाणी होतं, दुसऱ्या कशाने नाही. "तुझा म्हणणा काय, मी कायतरी केलंय?" मी म्हटलं, "मी म्हणाक नाय. लोक म्हणतत." "लोकांका मगे जाळूक सांग. माझ्या हातान मी जाळूचंय नाय." मी ताट आपटून उठले. माझ्या वयाच्या मुली सासरी जाऊन पहिल्या बाळंतपणाला माहेरी आल्या होत्या, आणि मी बाटल्या धूत होते. मला त्या घरातून निघायचं होतं. तुला ते दिसत नव्हतं असं मला वाटायचं.

देवळात सगळा गाव. उन्हाळा संपत आलेला, भात पेरायच्या आधीचे दिवस, माणसं मोकळी. पुढे गावचा मानकरी, देवाजवळ गुरव, एका खांबाशी माझे होणारे सासरे आणि त्यांना टेकून आत्या. गुरवाने पाषाणाला फुलांच्या पाकळ्या पाण्याने चिकटवल्या, डावीकडे आणि उजवीकडे. उजवी आधी पडली तर देवाचा होकार, डावी पडली तर नकार. मानकऱ्याने आवाज दिला, "गुरवा, घाल गाराणा. हिना दारू इकूक नसात तर उजवो दी म्हणान सांग." गुरवाने हात जोडले, "बा देवा म्हाराजा..." आणि लोक म्हणाले, "व्हय म्हाराजा."

"थांब रे," तू म्हणालीस.

देवळात असं कोणी मध्ये बोलत नाही. गुरवाचे जोडलेले हात तसेच राहिले.

"दारू मी इकूक नाय, ह्या माका ठावक आसा. देवाकय ठावक आसा. ठावक आसलेला इचारूक मी नारळ हाडूक नाय. माका जां ठावक नाय तां इचार."

"काय ठावक नाय तुका?" मानकरी चिडून म्हणाला.

"ती चित्रां. ती मी घरात ठेवू काय नको? ह्येच्यार माझा मन दोन बाजूक जाता. तां इचार."

सगळा गाव तिथे माझ्या लग्नासाठी उभा आणि तू विचारतेस काय. गुरवाने मानकऱ्याकडे बघितलं, मानकऱ्याने वर कौलांकडे. पण नारळ तुझा होता, आणि ज्याचा नारळ त्याचं गाऱ्हाणं. शेवटी गुरवाने घसा साफ केला. "बा देवा म्हाराजा, आज ह्या तुझ्या लेकरान तुझ्या पायाकडे एक इचारणा केल्यान हा म्हाराजा. बाटलयेवयली चित्रां... कागदाची... ती तेना घरात ठेवची काय नाय, ह्येचो निवाडो तू कर, नि काय चुकला माकला तर सांभाळून घे म्हाराजा." लोकांनाही समजेना की म्हणावं की नाही, पण सवयीने म्हणाले, "व्हय म्हाराजा."

पाकळी पडायला वेळ लागतो, पाणी सुकावं लागतं. तू एकटक पाषाणाकडे बघत होतीस, बाटली भिजत घातल्यावर दोणीकडे बघतेस तशी. खांबाशी आत्या जपमाळ ओढल्यासारखे ओठ हलवत होती.

डावी पडली.

मानकरी म्हणाला, "झाला. देवान सांगल्यान. आता घरी जा नि जाळ." मी देवाला हात जोडले, मनापासून. कागद जातील, आत्या गप्प बसेल, मी वेंगुर्ल्याला जाईन.

तू नमस्कार केलास, कपाळ जमिनीला टेकून, नीट. उठलीस, पदर सारखा केलास. "बरां. देवान घरात नको म्हणल्यान. मानलंय. मांगरात नको असा म्हणाक नाय."

वाडीच्या टोकाला नारळ आणि त्यांची सोललेली सालं, सुकी सोडणं, ठेवायची ती आपली झोपडी, ती तुला त्या क्षणी कशी आठवली?

एकच गलका झाला. "अगो, देवाबरोबर असो वाद घालतत काय?" "मी वाद खंय घातलंय? इचारलंय तितक्याचा उत्तर देवान दिल्यान." "गुरवा, परत लाव! मांगराचा इचार!" पण गुरव दिवस चढलेला बघत होता, त्याच्या घरीही जेवण वाट बघत असणार. "आता नाय. देवाचो नैवेद्य ऱ्हवलो हा. उद्या येवा," म्हणाला आणि ओल्या हाताने पाषाण पुसून घेतला. दुसऱ्याच दिवशी पाऊस लागला आणि जो तो शेतावर. तुझ्या मांगराचं विचारायला कोणी आलं नाही, ते आजपर्यंत.

मी रडत पायऱ्यांवर आले, तर तिथे सासरे बहिणीला सांगत होते, "ह्या बायन दारू इकल्यान असती, तर पयली शपथ घेतल्यान असती. चोरट्याक आपला नाव धुवन घेवची घाई असता. हिका नावाची घाईच नाय."

"दादा, तुझी बुद्दी फिरली."

"फिरांदे. चेडू पसंत आसा." मग माझ्याकडे बघून म्हणाले, "रडतंस कित्याक गो? तुझ्या आवशीसारखी तोंडान तिखट नाय मां तू?" मी मान हलवली, नाही म्हणून. खोटं होतं, ते त्यांना पुढे महिन्याभरात कळलं.

घरी येताना वाटेत मी तुला विचारलं. तू पुढे, मी मागे, दोन्हीकडे काजूची झाडं. "माझा लगीन मोडला असता तर?"

तू वळलीसुद्धा नाहीस. "तर दुसरो गावलो असतो. तसो हत्ती दुसरो गावलो नसतो."

हा तो राग. इतकी वर्षं मी हे वाक्य पोटात ठेवलं. पुढे थोडं चालून तू आणखी काहीतरी म्हणालीस, ते मी रागात ऐकून न ऐकल्यासारखं केलं, पण ऐकलं होतं: "तू काय कागद आसस, पाणी लागला की सुटतलंस? तू खंयव चिकटतलंस." हे कौतुक होतं की तोडून टाकणं, ते मला तेव्हाही कळलं नाही. आता पोरं वाढवून, नवरा पोहोचवून, सासरच्या त्याच घरात बसून लिहितेय, तेव्हा एवढं म्हणेन की तू सांगितलंस ते खरं झालं. बाकी तुझं तू जाण.

लग्न झालं. वरातीच्या वेळी तू सासरच्यांना आगळाच्या बाटल्या दिल्यास. सगळ्या धुऊन लख्ख. आत्याच्या हातात दिलीस ती तेवढी कागदासकट, कागदावर झुपकेदार मिशांचा एक गोरा बाबा हातात फेसाळता पेला धरून हसतोय. जन्मात तू एकच बाटली कागद न काढता दिलीस. आत्याने ती पदराखाली लपवून वेंगुर्ल्यापर्यंत नेली, कारण हातात दिसली असती तर लोकांनी तिलाच विचारलं असतं. सासरे वाटभर खोकत होते. खोकला नव्हता तो.

मी माहेरी यायची तेव्हा तू बहुतेक मांगरात. सोडणांच्या ढिगावर पाट, पाटावर पेटी, दाराशी बसलेली तू, दुपारचा उजेड कागदावर. शब्द पाळलास, एकही चित्र घरात आणलं नाहीस. मी बाळ कडेवर घेऊन आले तरी आधी म्हणायचीस, "हात धुतलंस? मगे बस." मामा थकला, आगबोटीने गोणी यायच्या बंद झाल्या, पण आता गोव्याहून बाटल्या यायला लागल्या होत्या. त्या तुला पसंत नव्हत्या. "हेंची चित्रां धुवन जातत," म्हणायचीस, "रंग कच्चो." पहिल्यांदाच तेव्हा मी तुझ्याजवळ बसून चित्रं बघितली असतील. तू एकेक काढून दाखवलीस, माझ्या मुलीला, मला नव्हे. सिंह आला की ती ओरडायची. तू तिच्या चिमुकल्या बोटांना पीठ लावलंस आणि तिच्या हातात सिंह दिलास. मला तू कधी हातात धरू दिला नव्हतास.

तू गेलीस तेव्हा माणसं घर आवरत होती, भांडी वाटत होती, आणि मी मांगरात गेले. पेटी उचलली आणि वेंगुर्ल्याच्या एसटीत मांडीवर घेऊन आले. कंडक्टरने विचारलं, आत काय, मी म्हटलं, माझ्या आवशीचे कपडे. का आणली ते मला विचारू नकोस. तिथे ठेवली असती तर भिजली असती, एवढंच.

त्यानंतर मी देवाकडे पुष्कळ गेले. नवऱ्याच्या नोकरीसाठी गाऱ्हाणं घातलं, म्हशीसाठी, मुलाच्या दहावीसाठी, मुलीच्या बाळंतपणासाठी, काजूला मोहर धरावा म्हणून. प्रत्येक वेळी नारळ माझा आणि इचारणं दुसऱ्याचं. एकदाही गुरवाला थांब म्हटलं नाही. हे मी तक्रार म्हणून सांगत नाही. मला थांब म्हणून विचारायला काही सुचलंच नसतं.

आता माझ्या नातवाने पर्यटकांसाठी खोल्या काढल्या आहेत. चांगला बाप्या माणूस, दोन मुलांचा बाप, पण खूळ शिरलंय. जुन्या बिअरच्या जाहिराती, पत्र्याचे ट्रे, झाकणं, बाटल्यांचे कागद, फोनवर शोधून शोधून मागवतो आणि जेवणाच्या पडवीत भिंतीला लावतो. म्हणतो जगभर लोक हा छंद करतात, एकमेकांना भेटून अदलाबदल करतात. पाव्हणे, बायकासुद्धा, त्या भिंतीपाशी उभं राहून फोटो काढून घेतात. आत्या हवी होती बघायला. परवा तो माझ्याजवळ येऊन बसला. बापाकडून त्याला काहीतरी कळलं होतं. "आजी, तुझ्या आवशीकडे म्हणे बिअरची जुनी लेबलां होती? मांगरात? खंय गेली ती? भिंतीर लावतंय, काच घालून, तिचा नाव लिवन."

चांगला विचार होता त्याचा. तुझं नाव इतक्या लोकांनी वाचलं असतं. मी त्याच्या तोंडाकडे बघून म्हटलं, "वाळवीन खाल्ल्यान रे. सगळी. पेटी उघडू नको, घरभर होतली." बिचाऱ्याला खरंच वाईट वाटलं. मला मुळीच वाटलं नाही.

ती चित्रं माझी आहेत, आये. कोणाला दाखवायची नाहीत. दुपारी सगळी झोपली की मी उघडते, हात धुऊन. हे पत्रही त्यांच्यावरच ठेवते. वाळवी लागलेली पेटी कोण उघडतो?